बैठें जीवन आणि भ्रमणाचें वाङ्मय

मराठींत गेल्या कांहीं वर्षांत एक नवाच लेखनप्रकार रूढ होऊं पाहत आहे. त्यास कोणी प्रवासवर्णन म्हणेल, कोणी आरोग्यविषयक निबंध म्हणेल. खरें पाहतां तो या दोहोंच्या सीमेवर उभा आहे. त्याचा सांगाडा बहुधा ठरलेला असतो. लेखक शहरांतील एखाद्या कचेरींत दिवसाचे दहा-बारा तास संगणकाच्या पडद्यासमोर बसतो, आणि घरीं आल्यावर उरलेला वेळ मोबाईलच्या पडद्यास देतो. पाठ दुखूं लागते, झोप उडते, डोळे जळजळतात, मन कशांतच रमेनासें होतें. मग एके दिवशीं कोणा मित्राच्या आग्रहानें तो एखादा गड चढतो. धापा टाकीत, गुडघे धरीत वर पोंचतो. वाऱ्याची पहिली झुळूक अंगावर येतांच आपला नवा जन्म झाला असें त्यास वाटतें. शेवटीं वाचकास उपदेश असतो कीं, तुम्हीही उठा, डोंगर गाठा आणि बरे व्हा. दिवाळी अंकांत व वृत्तपत्रांच्या रविवारच्या पुरवण्यांत या लेखनाचा अलीकडे सुकाळ झाला आहे. एवढ्या मोठ्या प्रमाणावर जें लिहिलें व वाचलें जातें, त्याची परीक्षा करणें हें टीकाकाराचें कर्तव्यच होय. ही परीक्षा दोन प्रश्नांनीं करतां येईल: हा उपदेश कितपत खरा आहे? आणि हें लेखन लेखन म्हणून कितपत चांगलें आहे? हे प्रश्न वरवर निराळे दिसले तरी त्यांचें मूळ एकच आहे, असें दाखविण्याचा येथें विचार आहे.

रोगाचें निदान खोटें आहे असें कोणीही म्हणणार नाहीं. लंडनच्या दुमजली बसगाड्यांवरील नोकरांची पाहणी करून जेरेमी मॉरिस व त्यांचे सहकारी यांनीं १९५३ सालीं जो निबंध प्रसिद्ध केला, तो या विषयांतील आद्य निबंधांपैकीं एक गणला जातो. एकाच गाडीवर दोन नोकर: एक दिवसभर बसून गाडी हांकणारा, दुसरा तिकिटें देण्यासाठीं दिवसभर जिना चढणारा व उतरणारा. हृदयविकार पहिल्यास अधिक जडतो व दुसऱ्यास कमी, असें त्यांस आढळलें. मात्र मॉरिस तेथेंच थांबले नाहींत. नोकरांना दिलेल्या गणवेशांचीं मापें त्यांनीं तपासलीं, आणि नोकरीस लागतांनाच चालकांचीं कंबरेचीं मापें मोठीं होतीं, हें १९५६ सालीं स्वतःच जाहीर केलें. आपल्या सिद्धान्तास अडचणीची गोष्ट आपणच शोधून काढावी व ती सांगावी, ही वृत्ति ज्या लेखनांत असते त्यावर विश्वास बसतो. त्यानंतर या विषयाचा अभ्यास पुष्कळ वाढला. जागतिक आरोग्य संघटनेनें २०२० सालीं जें मार्गदर्शन प्रसिद्ध केलें, त्यांत प्रौढ माणसानें आठवड्यास १५० ते ३०० मिनिटें मध्यम श्रमाची हालचाल करावी व मुलांनीं रोज सरासरी ६० मिनिटें करावी असें सांगून, बसून राहण्याचा काळ कमी करण्याचीही शिफारस केली आहे. चीनमधील ग्वांगझौ शहरांतील कांहीं शाळांत मुलांस रोज ४० मिनिटें अधिक काळ उघड्यावर नेण्याचा प्रयोग झाला. त्याचा अहवाल २०१५ सालीं प्रसिद्ध झाला. तीन वर्षांत दूरचें न दिसण्याचा दोष नव्यानें जडलेल्या मुलांचें प्रमाण, जेथें हा बदल केला नव्हता तेथें शेंकडा ३९.५ व जेथें केला तेथें शेंकडा ३०.४ असें आढळलें.

या शेवटच्या प्रयोगाकडे वाचकांचें विशेष लक्ष वेधावेंसें वाटतें. त्या मुलांस कोणताही गड चढावा लागला नाहीं. तीं शाळेच्या इमारतींतून बाहेर उजेडांत आलीं, एवढेंच. शरीरास जें औषध लागतें तें पुष्कळसें साधें, रोजचें व घराजवळचें असतें. वर्षांतून एकदां घेतलेली मोठी मात्रा त्याची जागा घेऊं शकत नाहीं. आमचे नवे भ्रमणलेखक ही गोष्ट बहुधा सांगत नाहींत. कारण उघड आहे: रोजच्या ४० मिनिटांची कथा होत नाहीं, आणि गडाची कथा होते. लेखनाच्या सोयीसाठीं येथें सत्यास मुरड घातली जाते, आणि आमचा पहिला आक्षेप नेमका हाच आहे.

वऱ्हाडांत बसून या गोष्टीचा विचार केला म्हणजे ती अधिकच टोंचूं लागते. अमरावती व अकोला या आमच्या दोन मोठ्या शहरांत आज जिकडेतिकडे शिकवणीवर्ग व अभ्यासिका दिसतात. वैद्यकीय व अभियांत्रिकी महाविद्यालयांच्या प्रवेशपरीक्षा, सरकारी नोकरीच्या स्पर्धा परीक्षा यांच्यासाठीं खेड्यापाड्यांतून आलेलीं हजारों मुलेंमुली या खोल्यांतून सकाळपासून रात्रीपर्यंत बसलेलीं असतात. त्यांचा धडा पडद्यावर, सराव-परीक्षा पडद्यावर, घरच्यांशीं बोलणें पडद्यावर, आणि थकल्यावर करमणूकही त्याच पडद्यावर. वैशाखांत पारा ४५ अंशांच्या आसपास गेला म्हणजे दुपारीं बाहेर पडणें हेंच मुळीं शहाणपणाचें राहत नाहीं. अशा मुलास ‘डोंगरावर जा’ असें सांगणें सोपें आहे. पण तो डोंगरावर केव्हां जाणार, कोणाबरोबर जाणार, आणि उतरून आल्यावर त्याच खुर्चींत बसणार कीं नाहीं, याचा विचार सांगणाऱ्यानें करावयास हवा.

ज्या अमरावतींत हीं मुलें बसलेलीं आहेत त्याच अमरावतींत या प्रश्नाचा शंभराहून अधिक वर्षांपूर्वीं मोठ्या गांभीर्यानें विचार झाला होता. अंबादासपंत व अनंतराव वैद्य या बंधूंनीं १९१४ सालीं येथें श्री हनुमान व्यायाम प्रसारक मंडळाची स्थापना केली. एका आखाड्यापासून वाढत गेलेल्या या संस्थेच्या पथकानें १९३६ सालीं बर्लिन येथील ऑलिंपिकच्या वेळीं कबड्डी व इतर देशी खेळांचीं प्रात्यक्षिकें दाखविलीं. त्याच वर्षीं बडोद्यास दत्तात्रय चिंतामण मुजुमदार यांच्या संपादकत्वाखालीं ‘व्यायाम-ज्ञानकोशा’चा पहिला खंड निघाला, व १९४९ पर्यंत त्याचे दहा खंड पुरे झाले. व्यायामासारख्या विषयावर दहा खंड काढण्याची धडाडी त्या पिढीच्या अंगीं होती, ही गोष्ट आज ध्यानांत घेण्याजोगी आहे.

त्या परंपरेचा विशेष एका शब्दांत सांगावयाचा तर तो ‘क्रम’ हा होय. मल्लखांबावर पहिल्या दिवशीं कोणी उलटा लटकत नाहीं. आधीं पकड, मग अढी, मग उडी; गुरूची नजर, सोबत्यांचा हात, खालीं मऊ माती; आणि रोज ठराविक वेळीं हजेरी. धाडस हें तेथें शेवटीं येतें, आणि तेंही न सांगतां येतें. नव्या भ्रमणलेखनांत हा क्रम उलटा झालेला असतो. धाडस प्रथम, तयारी मागाहून. किंबहुना तयारीचा उल्लेख केला तर धाडसाची गोडी कमी होते अशीच समजूत दिसते. जुन्या व्यायामग्रंथांत मात्र दुसरा दोष आहे, आणि तोही सांगितला पाहिजे. त्यांत शरीर आहे, स्नायू आहेत, आकृत्या आहेत. पण व्यायाम करणाऱ्या माणसाच्या मनांत काय चालतें याचा मागमूस नाहीं. सामान्य वाचक तो ग्रंथ आदरानें कपाटांत ठेवतो, आणि वाचतो मात्र गडाची कथा. म्हणून हा विषय समजण्यासाठीं केवळ व्यायामग्रंथ पुरत नाहींत. ललित वाङ्मयाकडे वळावें लागतें.

येथें सहजच गो. नी. दांडेकर यांची आठवण होते. ते दुर्गांचे व सह्याद्रीचे लेखक म्हणून सर्व महाराष्ट्रास ठाऊक आहेत. पण त्यांचा जन्म १९१६ सालीं आमच्या परतवाड्यास, म्हणजे गाविलगडच्या डोंगरांच्या अगदीं पायथ्याशीं झाला, हें अनेकांस ठाऊक नसतें. लहान वयांत शाळा सोडून ते स्वातंत्र्याच्या चळवळींत शिरले, कांहीं काळ गाडगे महाराजांच्या सहवासांत राहिले, नर्मदेची परिक्रमा केली. ‘कुणा एकाची भ्रमणगाथा’ या १९५७ च्या कादंबरींत त्या परिक्रमेचा अनुभव उतरला आहे. भिक्षेवर पोट भरीत, अनवाणी पायांनीं, काट्याकुट्यांतून चालणाऱ्या या माणसाच्या मनांत प्रकृति सुधारण्याचा विचार कधीं डोकावत नाहीं. तो चालतो, कारण चालणें हेंच त्याचें व्रत आहे. कष्ट हे त्या व्रताबरोबर येतात. ते ‘अनुभव’ म्हणून विकत घेतलेले नसतात. ‘माचीवरला बुधा’ या कादंबरींतील म्हातारा मुंबई सोडून राजमाचीवर परततो तो हवापालट करण्यासाठीं नव्हे. तो घरीं परततो. या दोन्ही कृतींत जें सामर्थ्य आहे तें याच निर्हेतुकपणांतून आलें आहे.

दांडेकरांच्या लेखनांत दोष नाहींत असें नव्हे. डोंगरावरचें जीवन त्यांच्या हातीं कित्येकदां इतकें मधुर होतें कीं, तेथें राहणाऱ्या माणसाची गरिबी, आजार व कर्ज हीं धुक्यांत विरून जातात. शहर वाईट व माची चांगली, ही वांटणी त्यांनीं फार सहजपणें स्वीकारली. त्यांच्या अनुयायांनीं नेमका हा मधुरपणाच उचलला आणि व्रताचा कठोरपणा मागें ठेवला. परंतु मूळ लेखकाच्या पायांस जे फोड आले ते खरे होते. आणि वाचतांना तें कळतें.

दुसरे लेखक मारुति चितमपल्ली. जन्म १९३२ सालीं सोलापुरास. आयुष्य वनखात्याच्या नोकरींत, त्यांतील कांहीं काळ आमच्या मेळघाटांत. २००६ सालीं सोलापुरच्या साहित्य संमेलनाचें अध्यक्षपद. आणि २०२५ सालीं निधन. ‘पक्षी जाय दिगंतरा’, ‘रानवाटा’, ‘चकवाचांदण’ या त्यांच्या पुस्तकांत चालणें विपुल आहे, पण पराक्रम जवळजवळ नाहीं. त्यांच्या जंगलांत माणूस पुष्कळदां नुसता बसून असतो. एखाद्या पाणवठ्याच्या कांठीं तासन् तास निश्चल बसावयाचें, पक्ष्याचें घरटें पाहावयाचें, कोणत्या वनस्पतीस वनवासी लोक कोणत्या नांवानें ओळखतात तें विचारून टिपून ठेवावयाचें. ही सवय त्यांनीं आयुष्यभर जपली, आणि तिच्यांतूनच पुढें पक्ष्यांचे व वृक्षांचे कोश तयार झाले.

हें पाहिलें म्हणजे आमच्या विषयांतील एक घोटाळा स्पष्ट होतो. बैठें जीवन व पडद्याचें जीवन हे आपण एकच रोग समजतों. वस्तुतः ते दोन आहेत. चितमपल्ली पाणवठ्यावर बसले होते. अभ्यासिकेंतला विद्यार्थीही बसलेला आहे. उलट, आधुनिक व्यायामशाळेंत फिरत्या पट्ट्यावर धांवणारा मनुष्य घामाघूम झालेला असतो, आणि त्याच्या डोळ्यांसमोर पडदा चालूच असतो. बैठेपणानें स्नायू व हृदय दुबळें होतें. पडद्यानें अवधान दुबळें होतें. पहिल्यावर श्रम हा उपाय आहे. दुसऱ्यावर नुसत्या श्रमानें भागत नाहीं. दीर्घ काळ एकाच गोष्टीकडे पाहण्याची, तिचें नांव जाणून घेण्याची, कांहींच घडत नसलें तरी न कंटाळण्याची संवय त्यासाठीं लावून घ्यावी लागते. गडाच्या माथ्यावर पोंचतांच ज्याचा हात प्रथम खिशांतील मोबाईलकडे जातो, त्याचे पाय गडावर आले असतील. अवधान मात्र खालींच राहिलें आहे. नव्या भ्रमणलेखनांत झाडांचीं, पांखरांचीं, वाटेवरच्या वाड्यांचीं नांवें क्वचित् आढळतात, आणि लेखकाच्या धापांचें वर्णन मात्र पानोपानीं आढळतें, याचें कारण हेंच होय. लेखनाचा दोष व उपायाचा दोष येथें एकच झाला आहे.

आतां या सर्वांवर एक मोठा आक्षेप येतो, आणि वऱ्हाडांतील लेखकास तो टाळतां येणार नाहीं. चिखलदऱ्यास गाविलगड पाहावयास जाणारे आम्ही ज्यास ‘आव्हान’ म्हणतों, तें मेळघाटांतील कोरकू स्त्रीच्या रोजच्या वाटेहून फारसें निराळें नसतें. डोक्यावर लाकडाची मोळी घेऊन ती तोच चढ चढते. त्यास कोणी उपचार म्हणत नाहीं, आणि तिच्या मुलांच्या कुपोषणाच्या बातम्या १९९३ सालापासून आपण वाचीत आलों आहों. अकोल्याच्या बाजूस कपाशीच्या शेतांत दिवसभर वांकून वेचणी करणाऱ्या मजुरास उघड्यावरील शारीरिक श्रमाचा तुटवडा नाहीं. त्याचा मुलगा अभ्यासिकेंत बसला आहे तो याच श्रमांतून सुटण्यासाठीं. ज्या खुर्चीस आम्ही रोग म्हणतों, ती त्या घरानें दोन पिढ्या झिजून मिळविलेली आहे. त्या मुलास श्रमाचें महत्त्व सांगणारा लेख वाचून हसूं यावें किंवा राग यावा, यांत नवल नाहीं.

हा आक्षेप खरा आहे; पण त्यावरून उपाय खोटा ठरत नाहीं, तर त्याची व्याख्या अधिक नेटकी करावी लागते. लादलेला श्रम व निवडलेला श्रम यांत भेद आहे. पहिल्यांत विश्रांति आपल्या हातीं नसते, अन्न पुरेसें नसतें, आणि थांबण्याचा अधिकार नसतो. दुसऱ्यांत हें सर्व असतें. म्हणून निवडलेल्या श्रमाचें गुणगान करणाऱ्यानें लादलेल्या श्रमाकडे पाठ फिरवितां कामा नये. गडावर जातांना वाटेंतल्या माणसाचें ओझें दिसलें नाहीं, तर त्याच्या डोळ्यांचा रोग बरा झाला असें म्हणतां येणार नाहीं.

ही गोष्ट एका परदेशी शिक्षकास फार चांगली उमगली होती. कुर्ट हान हे मूळचे जर्मन. हिटलरच्या राजवटींतून बाहेर पडून त्यांनीं १९३४ सालीं स्कॉटलंडमध्यें गॉर्डनस्टन येथें शाळा काढली. पुढें महायुद्ध चालूं असतां १९४१ सालीं, जहाजमालक लॉरेन्स होल्ट यांच्या साह्यानें, वेल्समधील ॲबरडोव्ही येथें तरुण खलाशांस समुद्र व डोंगर यांवर कणखर करणारी ‘आउटवर्ड बाउंड’ ही संस्था सुरू केली. तरुण पिढीच्या ऱ्हासाचीं जीं लक्षणें हान सांगत, त्यांत शरीराची दुर्बलता होती, स्वतः कांहीं न करतां नुसतें पाहत बसण्याचा रोग होता, स्मृति व कल्पना यांची क्षीणता होती. पडद्यांचें युग येण्यापूर्वींचें हें निदान आहे! परंतु सर्वांत गंभीर लक्षण त्यांनीं मानलें तें दयेचा ऱ्हास हें. म्हणून त्यांच्या शिक्षणांत डोंगर चढणें हें साध्य नव्हतें. डोंगरावर अडकलेल्यास व समुद्रांत बुडणाऱ्यास सोडविणें हें साध्य होतें. शरीर कणखर करावयाचें तें दुसऱ्याच्या उपयोगी पडावें म्हणून.

आमच्याकडे हें सांगण्यासाठीं हान यांची गरज नव्हती. गाडगे महाराज (१८७६–१९५६) अमरावती जिल्ह्यांतल्या शेंडगांवचे. आयुष्यभर ते पायीं हिंडले. दिवसा हातांत खराटा घेऊन गांव झाडलें, रात्रीं कीर्तन केलें. त्यांच्या भ्रमणास कोणी साहस म्हटलें नाहीं. पण उघड्यावर, सतत, स्वेच्छेनें केलेले एवढे श्रम किती गिर्यारोहकांच्या वांट्यास आले असतील? बाबा आमटे यांनीं सोमनाथास तरुणांचीं श्रमशिबिरें सुरू केलीं तींही याच वळणावर. अकोल्यास श्रावणांतल्या शेवटच्या सोमवारीं निघणारी कावडयात्रा पाहावी: गांधीग्रामला पूर्णा नदीचें पाणी भरून, जड कावडी खांद्यावर घेऊन, तरुणांचे जथे सुमारें १८ किलोमीटर चालत राजराजेश्वराच्या मंदिराशीं येतात. त्यांतील गोंगाटाविषयीं कोणास कांहीं म्हणावयाचें असेल तर म्हणावें; पण एका खांद्यावरून दुसऱ्या खांद्यावर ओझें घेण्याची जी शिस्त तेथें दिसते, ती एकट्यानें गड चढणाऱ्यास लाभत नाहीं.

तेव्हां कुटुंबवत्सल वाचकांनीं काय करावें? उत्तर साधें आहे, आणि साधें असल्यामुळेंच कठीण आहे. मुलास वर्षांतून एकदां नरनाळ्यास अवश्य न्यावें. पण त्याआधीं त्यास रोज सकाळीं तासभर मैदानावर पाठवावें. आणि मुलीसही पाठवावें. मुलाच्या मैदानास ‘व्यायाम’ व मुलीच्या मैदानास ‘उशीर’ म्हणणारीं सुशिक्षित घरें अजून पुष्कळ आहेत. जोंपर्यंत तीं तशीं आहेत तोंपर्यंत बैठ्या जीवनावरील आमचीं व्याख्यानें अर्ध्याच घरास उद्देशून आहेत. शिकवणीवर्गाच्या वेळापत्रकांत खेळाचा तास मागण्याचा अधिकार फी भरणाऱ्या आईबापांस आहे. तो त्यांनीं बजावावा.

आणि लेखकांस सांगणें एवढेंच कीं, गडावर जाऊन आल्यावर लिहावयाचें असेल तर स्वतःच्या धापांवर एक परिच्छेद पुरे. बाकीचीं पानें वाटेस, झाडांस, आणि त्या वाटेनें रोज ये-जा करणाऱ्या माणसांस द्यावींत. तयारीस किती महिने लागले तेंही लिहावें, व परत आल्यावर पुढच्या सोमवारीं काय बदललें तेंही प्रामाणिकपणें लिहावें. मॉरिस यांनीं गणवेशांचीं मापें तपासलीं तशीं आपलीं मापें आपण तपासावींत. असें लिहिलेलें पुस्तक वाचून एखादा वाचक खुर्चींतून उठला, तर त्याचें श्रेय खरोखरच त्या पुस्तकास देतां येईल. नाहीं तर डोंगराचें वर्णनही शेवटीं बसूनच वाचलें जातें, आणि हल्लीं तर तें पडद्यावरच वाचलें जातें.